'विंधणे' : अर्थ, मूळ आणि खान्देशातला त्याचा गोतावळा

गिरणाकाठ (धागाकर्ता)

आमच्या गावात (तालुका चाळीसगाव) ग्रामपंचायतीच्या फलकावर कामांच्या यादीत 'विंधन विहीर दुरुस्ती' अशी ओळ असते. गावात मात्र हा शब्द कुणाच्याच तोंडी नाही. बोर मारला, बोर कोरडा गेला, 'बोरले पानी लागनं का?' हीच आमची भाषा. त्यामुळे 'विंधन विहीर' हा कचेरीत बसून घडवलेला, कागदापुरता शब्द आहे असं बहुतेकांना वाटतं. गेल्या ग्रामसभेत एकाने तर 'मराठीत लिहा ना' अशी सूचनाही केली.

हे मला खटकतं, कारण विंधणे हे कुणी घडवलेलं क्रियापद नाही. ते पिढ्यानपिढ्या चालत आलेलं आहे. टोचून आरपार भोक पाडणे हा त्याचा पहिला अर्थ. मोती विंधतात, कान विंधतात. दुसरा अर्थ बाणाने किंवा भाल्याने भेदणे. जुन्या काव्यात हरीण विंधलं जातं, योद्धे एकमेकांना बाणांनी विंधतात. तिसरा अर्थ याच्यातूनच निघाला : बोलणं काळजात जाऊन रुतलं की मन विंधलं जातं. जमिनीत भोक पाडून केलेली विहीर ती विंधण विहीर, हा चौथा वापर सर्वांत अलीकडचा. यंत्रं आली तेव्हा या कामाला नाव हवं होतं आणि कुणीतरी जाणत्याने हाताशी असलेलं जुनं क्रियापद उचललं. मला तरी ही निवड फार चांगली वाटते.

या धाग्यात तीन गोष्टी हव्या आहेत. या शब्दाचं मूळ आणि त्याची भावंडं. आपल्या खान्देशात भोक पाडण्याच्या कामांना आणि हत्यारांना काय म्हणतात. आणि विंधन की विंधण? जाणकारांनी भर घालावी.

---

पांझराथडी

आमनाकडे बठ्ठाजन बोरच म्हनतस, भाऊ. धुळे, साक्री, शिंदखेडा कुठेही जा.

न की ण, याचा निकाल मात्र आपल्या कानांवर सोडू नका. अहिराणीत ण चा न होतो आणि ळ चा य. पाणी ते पानी, जळगाव ते जयगाव, डोळा ते डोया, काळा ते काया. उंदराचं बीळ आपल्याकडे बिय असतं. तेव्हा आपण 'विंधन' म्हणतो म्हणून तेच बरोबर असं ठरत नाही. शब्द कसा बनला ते बघावं लागेल.

---

अक्षरयात्री

चांगला धागा. थोडं सविस्तर लिहितो.

संस्कृतात व्यध् असा धातू आहे. अर्थ टोचणे, भोसकणे, भेदणे. त्याचं वर्तमानकाळी रूप विध्यति. त्यापासून झालेलं विशेषण विद्ध आणि नाम वेध. जो विंधतो तो व्याध, म्हणजे शिकारी. एवढ्या एका धातूतून मराठीत किती शब्द आले बघा : वेध, वेधक, वेधणे, लक्षवेधी, मर्मवेधी, शब्दवेधी बाण, वेधशाळा, कर्णवेध. विधानसभेत आमदार मांडतात ती लक्षवेधी सूचनासुद्धा याच घरातली.

आता विंधणे मधला अनुस्वार कुठून आला? संस्कृतात काही धातूंच्या वर्तमानकाळी रूपांत मध्येच अनुनासिक येतं. सिच् चं सिंचति, लिप् चं लिम्पति, मुच् चं मुञ्चति. रुध् मध्येही ते येतं. व्यध् ला हे अनुनासिक मुळात नाही, पण प्राकृतात या जोडीदारांच्या वळणावर विंधइ असं रूप झालं. मराठीत ही सगळी मंडळी शेजारी शेजारी बसलेली दिसतात : लिंपणे, रुंधणे, सिंचणे, विंधणे. हिंदीत बींधना आहे आणि गुजरातीत वींधवुं. आपल्या नंदुरबार-नवापूरकडच्या लोकांना हे गुजराती क्रियापद कानावरून गेलेलं असेल. मराठी आणि गुजराती दोन्हीकडे व टिकला, हिंदीत त्याचा ब झाला. वीस आणि बीस सारखंच.

दुसरा धागा याहून सुंदर आहे. संस्कृत वेध्य म्हणजे ज्याला भोक पाडायचं ते. प्राकृतात ध्य चा ज्झ होतो, मग वेज्झ, आणि मराठीत वेज. सोनारांच्या बोलण्यात मोत्याचं वेज, कानाचं वेज असतं. संध्या ची सांज जशी झाली तसंच हे. आणि वेध मधल्या ध चा नुसता ह झाला की वेह. अर्थ तोच, भोक. बधिर चा बहिरा झाला, वधू ची हिंदीत बहू झाली, त्याच रस्त्याने. म्हणजे वेध, वेज आणि वेह हे तिघे एकाच घरचे. एकजण संस्कृत कपड्यांत राहिला, दोघे गावात वाढले.

विंधन की विंधण याचं उत्तर मराठीच्या घडणीतच आहे. क्रियापदातला णे मोडून नाम करायची आपली जुनी रीत : दळणे-दळण, कांडणे-कांडण, वळणे-वळण, लिंपणे-लिंपण. त्याच रीतीने विंधणे-विंधण. मंथन, भोजन, गमन हे शब्द संस्कृतातून तयार आले, म्हणून तिथे न. संस्कृतातून घ्यायचं असतं तर वेधन किंवा व्यधन घ्यावं लागलं असतं. अनुस्वारासकट विंध हे मराठीचं आहे, तेव्हा शेपूटही मराठीचंच हवं. विंधण विहीर. सरकारी कागदांत दोन्ही लेखनं आढळतात, पण माझं मत स्वच्छ ण कडे आहे.

---

केळीबाग

+१. दळण-कांडण-विंधण हे पटलं. आता कधीच विसरणार नाही.

---

रंधापटाशी

आमचं घर सुतारांचं, एरंडोल भागातलं. हत्यारांबद्दल लिहितो.

आजोबांच्या पेटीत भोक पाडायची दोन हत्यारं होती, सामता आणि गिरमिट. लोक दोन्ही एकच समजतात, पण काम करायची पद्धत अगदी वेगळी.

सामत्याला एक उभा लाकडी दांडा असतो, खाली पोलादी पातं, वर मूठ. दांड्याभोवती कमानीच्या दोरीचा एक वेढा मारायचा. डाव्या हाताने मूठ वरून दाबून धरायची आणि उजव्या हाताने कमान पुढे-मागे ओढायची. कमान पुढे गेली की दांडा एका अंगाने फिरतो, मागे आली की उलट्या अंगाने. म्हणून सामत्याचं पातं दोन्ही बाजूंनी धार लावलेलं असतं, जाता-येता दोन्हीकडे कापतं. हाताचा दाब जरा कमी-जास्त झाला की भोक लंबगोल होतं. आजोबा पातं टेकवण्याआधी खिळ्याने बारीक खूण करून घ्यायचे, म्हणजे टोक सरकत नाही.

गिरमिट म्हणजे आडव्या मुठीचं, खाली पीळ असलेलं. ते एकाच दिशेने फिरवायचं. टोकाचा स्क्रू स्वतःच लाकडात शिरतो आणि हत्याराला आत ओढतो. भुसा पिळातून वर येतो. बैलगाडीच्या चाकाचा तुंबा, म्हणजे मधला ठोकळा, घडवताना आऱ्यांसाठी जी खाचं पाडायची, तिथे आधी भोकं पाडून मग पटाशीने कोरत. बाभळीचा तुंबा, त्यात ओलसरपणा राहिलेला, तेव्हा गिरमिटावर अंगाचा सगळा भार टाकावा लागे.

बरमा हा शब्दही आमच्याकडे चालायचा, तो हिंदीकडून आलेला. चामड्याचं काम करणाऱ्यांची ती आरी.

गिरमिट हा शब्द इंग्रजी गिमलेट वरून आला असं ऐकलंय. जाणकारांनी सांगावं.

---

अक्षरयात्री

रंधापटाशी, सामत्याचं वर्णन वाचून समाधान झालं. दोन्ही बाजूंनी धार का लागते हे आजवर कुणी इतकं नीट सांगितलं नव्हतं.

हो, गिरमिट हे इंग्रजी गिमलेटचंच देशी रूप. फिजी, मॉरिशसला उसाच्या मळ्यांवर करार करून नेलेल्या मजुरांना गिरमिटिया म्हणत, ते गिरमिट मात्र वेगळं. ते इंग्रजी अॅग्रीमेंट या शब्दाचं. उच्चार घासून दोन्ही एक झाले एवढंच.

आणि आरीबद्दल : अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशात कामकऱ्यांच्या हत्यारांची यादी आहे. तिथे चामडं टोचायच्या हत्याराला आरा म्हटलंय, तीच आपली आरी. त्याच यादीत भोक पाडायच्या हत्याराला वेधनिका असं नाव आहे. म्हणजे व्यध् धातू केवळ धनुर्धाऱ्यांचा नव्हता, कारागिरांच्या पेटीतही पहिल्यापासून होता. मला या गोष्टीचं फार मोल वाटतं.

---

सरळमार्गी

सगळं मान्य, पण एक प्रश्न. लोक बोर म्हणतात, सगळ्यांना कळतं, मग विंधण विहीर चा आग्रह कशासाठी? बोर हा आता मराठी शब्दच झालाय. टेबल, बस, मोटर चालतात तर बोर का नको?

---

गिरणाकाठ (धागाकर्ता)

सरळमार्गी, बोर नको असं मी म्हणतच नाही. मी स्वतः बोरच म्हणतो. माझं म्हणणं इतकंच की फलकावरचा शब्द परका समजून काढून टाकू नये. तो आपल्याच घरातला आहे.

शिवाय एक फरक लक्षात घ्या. बोर हे नाम आलं, त्याचं क्रियापद आलं नाही. म्हणून आपल्याला बोर मारावा लागतो, घ्यावा लागतो, पाडावा लागतो. विंधणे हे स्वतःच क्रियापद आहे. खडक विंधला, विंधलेला मोती, न विंधलेलं रत्न, असं हवं तिकडे वळवता येतं.

---

पांझराथडी

बोरने पण इथे चांगला संसार थाटलाय हे विसरू नका. उभा बोर, आडवा बोर, बोरची गाडी, बोरवाला, 'बोर बसला' म्हणजे आतून ढासळला, 'बोर आटला'. विहिरीच्या तळाशी कडेने आडवे बोर मारतात, झरे मोकळे व्हावेत म्हणून. हे सगळं लोकांनी बनवलं, कुठल्या समितीने नाही. त्या शब्दाबद्दलही तितकाच जिव्हाळा असू द्या.

---

गिरणाकाठ (धागाकर्ता)

आहेच, दादा. दोन्ही राहू देत.

---

केळीबाग

रावेर-यावलकडचं सांगतो. आमच्याकडे बोर पेक्षा ट्यूबवेल जास्त म्हणतात आणि त्याला कारण आहे.

तापीच्या उत्तरेला सातपुड्याच्या पायथ्यापर्यंत गाळाची जमीन. माती, वाळू, गोटे यांचे थरावर थर, कित्येक ठिकाणी शेकडो फूट खाली गेलं तरी काळा खडक लागत नाही. इथे नुसतं भोक पाडून चालत नाही. पाडलं की ढासळतं. म्हणून फिरत्या बिटाने, म्हणजे खोदणाऱ्या टोकाने, खोदत असताना भोकात चिखलाचं पाणी खेळतं ठेवतात, त्याच्या दाबाने कडा धरून राहतात आणि खोदलेला माल वर येतो. मग पूर्ण खोलीपर्यंत पाइप उतरवतात. वाळूचा थर जिथे लागला तिथे जाळीचा, चिरा पाडलेला पाइप येईल अशी मांडणी करतात आणि पाइपाच्या भोवती बारीक खडी सोडतात, म्हणजे पाण्याबरोबर रेती येत नाही. सरकारी मराठीत याला कूपनलिका म्हणतात. कूप म्हणजे विहीर, नलिका म्हणजे नळी. नळी हाच त्या विहिरीचा जीव.

तापीच्या दक्षिणेला आणि धुळे-साक्रीकडे काळा बेसॉल्ट. तिथे वरच्या माती-मुरमापुरता केसिंग पाइप, खाली उघडं भोक. खडक स्वतःच उभा राहतो. ती खरी विंधण विहीर. दोन शब्द एकमेकांचे पर्याय म्हणून वापरतात ते माझ्या मते चुकीचं आहे. खाली जमीन कोणती आहे त्यावर नाव ठरतं.

केळीने आमच्या भागातलं पाणी फार खोल नेलं आहे, हे जाता जाता. रावेर आणि यावल दोन्ही तालुके भूजलाच्या अतिउपशासाठी ओळखले जातात. पूर्वी विहिरींवर भागत होतं.

---

पांझराथडी

केळीबाग, अगदी बरोबर. आमच्याकडच्या बोरचं सांगतो, कारण गाडीजवळ उभं राहून पाहिलं की विंधणे हेच क्रियापद तिथे किती चपखल बसतं ते कळतं.

बेसॉल्टमध्ये बिट नुसता फिरत नाही, घाव घालत फिरतो. कॉम्प्रेसरची हवा रॉडमधून खाली जाते आणि बिटाच्या डोक्यावर बसवलेला हॅमर चालवते. हातोडा वर गाडीवर नसतो, खाली भोकातच असतो. बिटाच्या तोंडावर कठीण धातूच्या गोल गुंड्या बसवलेल्या असतात, त्या खडक ठेचतात आणि तीच हवा ठेचलेला चुरा वर फेकते. सुरुवातीला पिवळट मुरूम उडतो. मग राखाडी भुकटी, सगळ्यांच्या भुवया पांढऱ्या. काही वेळाने अचानक विटकरी धूळ यायला लागते, तो गेरूचा थर. लाव्हाचा एक थर संपून दुसरा सुरू होण्याच्या मध्ये हा लाल थर सापडतो. तिथे जुने लोक कान टवकारतात, कारण दोन थरांच्या सांध्यात, वरच्या सच्छिद्र आणि झिजलेल्या भागात, फटींमध्ये पाणी असण्याची शक्यता जास्त. अखंड काळा पाषाण लागला की तो कितीही विंधा, त्यात पाणी नसतं. पाणी फटीत असतं. म्हणूनच दोन बोर शेजारी शेजारी असून एकाला पाणी आणि एक कोरडा, असं होतं. फट एकाला भेटली, दुसऱ्याला चुकली.

धुळे-नंदुरबार भागात तर जमिनीत डाइक म्हणजे खडकाच्या उभ्या भिंतीच भिंती आहेत. वितळलेला रस भेगांमध्ये घुसून थिजला त्या या भिंती. काही लांबच लांब डोंगरासारख्या वर दिसतात. काही भिंती पाणी अडवतात, काहींच्या कडेने पाणी वाहतं. बोर घेण्याआधी भिंतीच्या कोणत्या अंगाला आपण आहोत हे बघायला हवं. पाणाडी नारळ घेऊन फिरतो तेव्हा माझं एकच सांगणं असतं : भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेच्या भूवैज्ञानिकाला आधी विचारा. खर्च तुमच्या घामाचा आहे.

आणि खोलीचं भान ठेवा. महाराष्ट्राच्या २००९ च्या भूजल अधिनियमात ६० मीटर किंवा त्याहून जास्त खोल ती 'खोल विहीर' धरली आहे. ६० मीटर म्हणजे जवळपास दोनशे फूट.

---

सातपुडापायथा

विषय आडव्या बोरवरून आठवला. बऱ्हाणपूरचा कुंडी भंडारा कुणी पाहिलाय का? आज मध्य प्रदेशात असलं तरी बऱ्हाणपूर ही जुन्या खान्देशची राजधानी, फारुकींची आणि पुढे मोगल सुभ्याची. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला तिथे सातपुड्याच्या उताराचं झिरपतं पाणी जमिनीखालच्या बोगद्यातून शहरापर्यंत आणलं. बोगद्यावर ओळीने शंभराहून जास्त उभ्या कुंड्या आहेत, विहिरींसारख्या. पाणी उताराने स्वतः वाहत येतं, उपसावं लागत नाही.

तिथे विंधणे म्हणता येणार नाही, पोखरणे म्हणावं लागेल. टोकदार हत्याराने सरळ आत जाणं हे विंधणं. आतून माल काढत पोकळी वाढवणं हे पोखरणं. उंदीर पोखरतो, वाळवी पोखरते. आणि अजिंठ्याची लेणी ना विंधली ना पोखरली, ती कोरली. मराठीला हे बारकावे आहेत आणि ते जपायला हवेत.

---

सराफकट्टा

जळगावच्या सराफ बाजारात आमचं काम. वेज बद्दल वर आलंय, थोडं हाताखालचं लिहितो.

मोत्याला वेज एका बाजूने आरपार पाडत नाहीत. पातं पलीकडे निघताना मोत्याचा थर उडतो, चकती निघते आणि मोती वाया जातो. म्हणून अर्धं एका बाजूने, अर्धं दुसऱ्या बाजूने, आणि दोन्ही मधोमध भेटली पाहिजेत. काम चालू असताना पाण्याचा थेंब सोडत राहायचा, मोती तापू द्यायचा नाही. कुडीत मोती खिळीवर बसवतात, त्याला अर्धंच वेज लागतं. नथीत मोती तारेत ओवायचे असतात, त्याला पूर्ण. मोती हातात घेतला की आम्ही आधी पाणी आणि गोलाई बघतो, मग वेज बघतो. वेज वाकडं असेल तर नथीत मोती कलंडून बसतो.

कान टोचायला आजही लोक लेकरं आमच्याकडे आणतात. सोनारानेच कान टोचावे ही म्हण उगाच नाही. आमच्या आजी मात्र कान टोचणे म्हणायच्या नाहीत, वेज पाडणे म्हणायच्या. बरेच दिवस काही घातलं नाही की वेज बुजतं.

---

वैद्यकी

सराफकट्टा, याला जोडून. आयुर्वेदात व्यध हाच शब्द आहे. सुश्रुतसंहितेत कान टोचण्यावर कर्णव्यध म्हणून अध्यायच आहे आणि शीर टोचून रक्त काढण्याला सिराव्यध म्हणतात. कानाच्या पाळीला नेमकं कुठे टोचावं याची खूण फार छान दिली आहे. पाळी हलकेच ताणून धरली की जिथून सूर्याचा प्रकाश आरपार दिसतो, ती निसर्गाने ठेवलेली जागा. तिथेच सुई घालावी. शिरा चुकवण्याची ती साधी, डोळ्यांना दिसणारी तपासणी आहे. लहान मुलांच्या कानाला उन्हात धरून बघा, पाळीच्या मधोमध एक उजळ ठिपका दिसतो.

---

मोरपीस

वाचते आहे. फार माहितीपूर्ण धागा. एक शंका : बिनधास्त, विंचू, विधवा, विधी यांचा विंधण्याशी संबंध आहे का? विंचू तर टोचतोच!

---

अक्षरयात्री

मोरपीसताई, चौघांचाही नाही. बिनधास्त म्हणजे बिन आणि धास्त. धास्ती अरबी दहशत वरून आली. विंचू आला वृश्चिक पासून. तो टोचतो हे खरं, पण घर वेगळं. विधी आणि विधान वि अधिक धा, म्हणजे ठरवणे, मांडणे. विधवा हा शब्द फार जुना आहे, त्याचा अर्थ एकटी पडलेली, आणि लॅटिनमध्येही त्याचा भाऊबंद सापडतो. सुईच्या भोकाला आपण नेढं म्हणतो, तोही याच्यातला नाही. त्या नेढ्यावरूनच राजगडाच्या सुवेळा माचीवरच्या आरपार भोकाला नेढं म्हणतात.

---

नभांगण

वेध चा आकाशाशी असलेला संबंध अजून कुणी लिहिला नाही म्हणून लिहितो.

ताऱ्याकडे नळीतून किंवा यंत्राच्या छिद्रातून नेम धरून बघणं म्हणजे वेध घेणं. जशी बाणाने खूण विंधायची तशी नजरेने ग्रहाची जागा विंधायची. म्हणून निरीक्षणाच्या जागेला वेधशाळा. आपल्या चाळीसगाव तालुक्यात पाटणादेवीला भास्कराचार्यांच्या घराण्याचा शिलालेख आहे, तेराव्या शतकाच्या सुरुवातीचा. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला, त्याला दान दिल्याची ती नोंद. त्या ग्रंथांतला सिद्धांतशिरोमणी ११५० चा, आणि त्यात वेध घ्यायच्या यंत्रांवर स्वतंत्र अध्याय आहे. गिरणाकाठ, तुमच्याच तालुक्यात वेध घ्यायला शिकवणारे ग्रंथ गिरवले जात होते. ग्रामसभेत हे जरूर सांगा.

दुसरं, मृग नक्षत्र. मधले तीन तारे म्हणजे हरणाच्या पोटात घुसलेला बाण, आणि मागे खाली जो तेजस्वी तारा चमकतो त्याचं नाव व्याध. बाण मारणारा तोच. आपल्याकडे मृग लागला की पेरणीची घाई सुरू होते. ज्या नक्षत्राकडे शेतकऱ्याचे डोळे लागलेले असतात, त्याची सगळी गोष्टच या धातूची आहे.

ग्रहणाचे वेध वेगळे. सूर्यग्रहणाआधी चार प्रहर, चंद्रग्रहणाआधी तीन प्रहर वेध पाळायची रीत. ग्रहण लागण्याआधीच त्याचा परिणाम येऊन भिडतो, अशी कल्पना. त्यावरून मग येणाऱ्या कुठल्याही गोष्टीचे वेध लागतात.

---

आखाजी

आणि आपल्या सासुरवाशिणींना चैत्र सरताच आखाजीचे, म्हणजे अक्षय तृतीयेचे, वेध लागतात! माहेर, झोका, गाणी. हा वापर तर घराघरात जिवंत आहे, पण त्यातला वेध आणि बोरचं विंधण एकाच मुळाचं हे आज पहिल्यांदा कळलं. आईला वाचून दाखवलं.

---

सरळमार्गी

धागा वाचून मत बदललं असं नाही, बोलताना बोरच म्हणेन. पण फलकावर विंधण विहीर राहावं हे आता मनापासून पटतं. केळीबाग यांचा कूपनलिकेचा फरक तर अर्ज लिहिताना कामाचा आहे. गाळाच्या जमिनीतल्या कामाला विंधण विहीर म्हणून अंदाजपत्रक केलं तर पाइपाचा खर्चच धरला जाणार नाही.

---

केळीबाग

नेमकं. केसिंग वरच्या काही फुटांचं धरतात आणि प्रत्यक्षात तळापर्यंत पाइप लागतो.

---

मुक्ताईनगरी

एक राहिलं. कॅलेंडरात कधी कधी एकादशी दोन दिवस लागोपाठ छापलेली असते, आज स्मार्त, उद्या भागवत. त्यामागेही हाच शब्द आहे. एकादशीच्या दिवशी पहाटे अरुणोदयाला दशमीचा अंश शिल्लक असेल तर त्या एकादशीला दशमीचा वेध झाला म्हणतात. ती विद्धा एकादशी. वैष्णव ती धरत नाहीत, दुसऱ्या दिवशी उपास करतात. आमच्याकडे मुक्ताईच्या मंदिरात वारकरी भागवत एकादशीच धरतात, आणि जुने टाळकरी आजही विचारतात, 'एकादशी शुद्ध आहे की विद्ध?'

---

गिरणाकाठ (धागाकर्ता)

मुक्ताईनगरी, शुद्ध आणि विद्ध ही जोडी माहीतच नव्हती. खूप आभार.

पुढच्या ग्रामसभेसाठी अर्ज लिहितो आहे. फलकावर 'विंधण विहीर (बोर)' असं लिहावं, न च्या जागी ण करावा, आणि गावाच्या नदीकडच्या गाळातल्या दोन कामांना कूपनलिका म्हणावं. रंधापटाशी, शाळेत हत्यारांचं छोटं प्रदर्शन करायचं ठरलं तर आजोबांचा सामता काही दिवसांसाठी मिळेल का?

---

रंधापटाशी

नक्की मिळेल. कमानीची दोरी मात्र कुजली आहे, सुताची नवी दोरी तुम्ही आणा. पात्याला मी धार लावून देतो. मुलांना सागाच्या फळीवर चालवायला द्या, पहिल्याच दिवशी बाभळीवर नको.